हरकत राखून

सरकारने जमीन घेतली, मोबदला दिला आणि विषय संपला, असा सर्वसाधारण समज आहे. वस्तुतः पुष्कळ कुटुंबांच्या बाबतीत खरी कहाणी तेथूनच सुरू झाली. बापाने केलेल्या अर्जाचा निकाल मुलाने ऐकावा, असे प्रसंग आपल्या न्यायालयांत विरळा नाहीत. असे का झाले, हे कळण्यासाठी एका जुन्या कायद्याची घडण पाहिली पाहिजे.

मुंबई आणि कुलाबा या बेटांसाठी सक्तीच्या भूसंपादनाचा कायदा १८३९ साली झाला. साऱ्या ब्रिटिश हिंदुस्थानासाठी तो १८५७ साली आला. त्या वेळी मोबदल्याचा तंटा पंच मिटवीत. पंचांविषयी तक्रारी वाढल्या, तेव्हा १८७० च्या कायद्याने हा तंटा दिवाणी न्यायालयाकडे सोपविला. पुढे १८९४ चा कायदा आला आणि तो तब्बल १२० वर्षे टिकला. त्यानुसार आधी जिल्हाधिकारी निवाडा करी. तो मान्य नसेल त्यानेच न्यायालयाचे दार ठोठवावयाचे. मुळशीच्या शेतकऱ्यांनी १९२१ साली सेनापती बापटांच्या नेतृत्वाखाली 'जान किंवा जमीन' अशी घोषणा केली, ती याच कायद्याच्या छायेत.

कायदा न्यायालयात जाण्याची वाट देत होता, हे खरे. परंतु त्या वाटेवर काटे फार होते. निवाड्याच्या वेळी हजर असणाऱ्याने सहा आठवड्यांत अर्ज केला पाहिजे, अशी अट होती. शिवाय पैसे घेताना 'हरकत राखून' घेतले, असे नमूद करणे आवश्यक होते. कचेरीत अंगठा उठवून मुकाट्याने रक्कम घेणाऱ्याचा पुढील अर्जाचा हक्क बुडे. ज्यास अक्षरओळख नाही, ज्याच्या घरी त्या रकमेची वाट पाहिली जात आहे, त्याला या दोन शब्दांची किंमत कोण सांगणार? याहून कठीण कलम पंचविसावे होते. प्रारंभीच्या नोटिशीला उत्तर देताना शेतकऱ्याने जी रक्कम मागितली असेल, तिच्यावर एक रुपयाही न्यायालयाला देता येत नसे. सबळ कारणावाचून त्याने काही मागितलेच नसेल, तर जिल्हाधिकाऱ्याचा आकडा हीच कमाल मर्यादा.

एवढे सारे पार करून जो न्यायालयात पोहोचे, त्याच्यावर पुराव्याचा भार पडे. पुण्यातील जमिनीच्या चिमणलाल हरगोविंददास खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने १९८८ साली ही भूमिका स्पष्ट केली: निवाडा हा सरकारचा केवळ देकार होय आणि तो अपुरा आहे, हे दावेदाराने वादीप्रमाणे सिद्ध केले पाहिजे. सिद्ध करावयाचे ते शेजारच्या जमिनींच्या खरेदीखतांवरून. पण मुद्रांक शुल्क वाचविण्यासाठी खरेदीखतात रक्कम कमी लिहिण्याची रीत सर्वत्र होती. लोकांच्या त्या जुन्या सवयीने अखेर लोकांचेच नुकसान केले. त्यात लहान भूखंडाचा भाव मोठ्या शेताला लावताना रस्ते, गटारे यांसाठी मोठी वजावट होई. किंमत धरली जाई ती पहिली अधिसूचना निघाल्याच्या दिवसाची; नंतर भाव कितीही चढले, तरी त्यांचा विचार नसे.

नवी मुंबईचे उदाहरण आपल्या डोळ्यांपुढचे आहे. ठाणे, पनवेल आणि उरण भागांतील ९५ गावांच्या जमिनीसाठी १९७० साली अधिसूचना निघाली. मोबदल्याचा प्रश्न चिघळत गेला आणि जानेवारी १९८४ मध्ये दि. बा. पाटील यांच्या नेतृत्वाखाली शेतकरी रस्त्यावर उतरले. जासई परिसरातील पोलिसांच्या गोळीबारात पाच जण हुतात्मा झाले. दि. बा. स्वतः वकील होते. तरीही लढा न्यायालयाबाहेर न्यावा लागला. त्यातून विकसित जमिनीचा साडेबारा टक्के हिस्सा भूमिपुत्रांना परत देण्याचे तत्त्व पुढे आले आणि १९९० व १९९४ च्या शासननिर्णयांनी ते अमलात आले.

त्याच १९८४ च्या सप्टेंबरात संसदेने मूळ कायद्यात मोठी दुरुस्ती केली. सक्तीच्या संपादनाबद्दलची जादा रक्कम १५ टक्क्यांवरून ३० टक्के झाली, व्याज वाढले आणि पंचविसाव्या कलमातील ती मर्यादा गेली. सर्वांत मोलाचे होते ते नवे कलम २८-अ. एकाच अधिसूचनेखाली जमिनी गेलेल्यांपैकी एकाने न्यायालयातून वाढ मिळविली, तर अर्ज न केलेल्या इतरांनाही तीन महिन्यांत तशीच वाढ मागता येऊ लागली. मात्र हरकत न राखता पैसे घेणाऱ्याचे काय, हा वाद उरलाच. २००२ साली हंसोली देवी खटल्यात सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींनी तो मिटविला. या कलमाखाली अर्ज करणाऱ्याने पैसे हरकत राखून घेतले की न राखता, याला महत्त्व नाही, असा त्यांनी निर्वाळा दिला. मूक अंगठ्यालाही काही प्रमाणात वाचा फुटली, ती अशी.

१ जानेवारी २०१४ पासून नवा कायदा लागू झाला. जादा रक्कम आता शंभर टक्के आहे आणि ग्रामीण जमिनीच्या किमतीला एक ते दोनपर्यंतचा गुणक लावला जातो. परंतु सहा आठवड्यांची मुदत नव्या कायद्यातही आहे आणि हरकत राखण्याची अटही. म्हणून घरात निवाड्याची नोटीस येईल, तेव्हा तिच्यावरची तारीख प्रथम पाहावी आणि सही करण्यापूर्वी ते दोन शब्द लिहावेत. मागील पिढ्यांनी त्यांची किंमत फार जबर मोजली आहे.