माजघरातली खाट

आमच्या बेळगावच्या जुन्या घरी फडताळाच्या वरच्या फळीवर एक पितळी पेला उपडा ठेवलेला असे. तो मोठ्या आत्याचा. १९५४ साली तिला क्षय झाला. दोन वर्षांच्या मुलाला आमच्याकडे, त्याच्या आजोळी ठेवून ती मिरजेकडच्या सॅनेटोरियममध्ये गेली. दीड वर्षाने बरी होऊन परतली, तेव्हा मुलगा तिला ओळखेना; आणि पेला वेगळा तो वेगळाच राहिला.

१९६५ साली काकांना तोच रोग झाला. ते मात्र कुठेच गेले नाहीत. माजघरातल्या खाटेवर राहून, दवाखान्यातल्या गोळ्या घेऊन बरे झाले. मधल्या दहा वर्षांत काय घडले, हे मला पुष्कळ उशिरा कळले.

१९५६ साली मद्रासच्या चेटपट भागात क्षयरोगावरील औषधोपचारांच्या संशोधनासाठी एक केंद्र निघाले. भारतीय वैद्यक संशोधन परिषद, मद्रास सरकार, जागतिक आरोग्य संघटना आणि ब्रिटनची वैद्यक संशोधन परिषद यांचे ते संयुक्त काम. डॉ. वॉलेस फॉक्स तेथे प्रमुख संशोधक होते. देशात रोगी लाखो आणि खाटा मोजक्या. मग घरी ठेवूनच औषध दिले तर? १९३ गरीब रोग्यांपैकी कोणी घरी राहायचे, कोणी सॅनेटोरियममध्ये जायचे, हे जणू चिठ्ठ्या टाकून ठरवले. औषधे दोघांनाही तीच, आयसोनायझिड आणि पास, वर्षभर. तिकडे विश्रांती आणि सकस आहार. इकडे दाटीची घरे आणि अर्धपोटी जेवण. केंद्राची माणसे अवचित घरी जाऊन उरलेल्या गोळ्या मोजत, लघवी तपासत.

१९५९ साली अहवाल आला. वर्षाअखेर सॅनेटोरियममधल्या शेकडा ९२ आणि घरच्या शेकडा ८६ रोग्यांचा रोग आटोक्यात होता. शिवाय घरच्या माणसांना त्यामुळे जास्त लागण झाली नव्हती. धोका होता तो मुख्यतः औषध सुरू होण्याआधीचा. १९६२च्या राष्ट्रीय क्षयरोग कार्यक्रमाने हाच मार्ग धरला, आणि जगानेही.

ते केंद्र आज चेन्नईत राष्ट्रीय क्षयरोग संशोधन संस्था म्हणून काम करते. ज्या कुटुंबांनी, पुढे काय होईल हे ठाऊक नसताना, आपला रोगी घरात ठेवला, त्यांची नावे आपल्याला माहीत नाहीत. आमचे काका घरी राहू शकले ते त्यांच्यामुळे.

हे सारे मी आत्याला वाचून दाखवले. ती बराच वेळ गप्प होती. मग एवढेच म्हणाली, "पाच वर्षं आधी कळलं असतं रे, तर बाळ्यानं मला ओळखलं असतं."