विजयदुर्ग, गुंटूर आणि माझी जुनी चूक

मंडळी, आज एक चूक दुरुस्त करायची आहे. माझीच.

खडकवासल्याला कॅडेट असताना मी स्क्वाड्रनमधल्या मित्रांना छाती फुगवून सांगायचो, की हेलियमचा शोध १८ ऑगस्ट १८६८ रोजी आमच्या कोकणातल्या विजयदुर्गावर लागला. नॉर्मन लॉकयर नावाच्या इंग्रज शास्त्रज्ञाने तिथून खग्रास सूर्यग्रहण पाहिलं, त्याचे ‘साहेबाचे ओटे’ अजून गडावर आहेत, वगैरे. पुढे वीसेक वर्षं वेगवेगळ्या मेसमध्ये ही गोष्ट मी खपवली.

सध्या पोस्टिंग सिकंदराबादला. मागच्या महिन्यात कामानिमित्त गुंटूरला जायचं होतं. सोबत आमचे सुभेदार साहेब, मूळचे देवगडकडचे. निघण्याआधी गुंटूरविषयी वाचत बसलो आणि लक्षात आलं, की त्या दिवशी लॉकयर हिंदुस्थानात नव्हताच. तो इंग्लंडमध्ये होता!

मग इथे कोण होतं? ग्रहणाचा पट्टा कोकण किनाऱ्यावरून आत शिरून पार मछलीपट्टणमपर्यंत जात होता. पण भर ऑगस्टात कोकणात दुर्बीण कोण लावणार? बहुतेक पथकं घाटाच्या पलीकडे, पूर्वेकडे गेली. त्यांतले दोघे तर आपल्याच पेशातले. मेजर टेनंट, इंजिनिअर्सचा अधिकारी, गुंटूरला. लेफ्टनंट जॉन हर्शेल, तोही इंजिनिअर्सचा आणि प्रसिद्ध हर्शेल घराण्यातला, पटवर्धनांच्या जमखंडी संस्थानात. मद्रास वेधशाळेचा पॉग्सन मछलीपट्टणमला, आणि त्याच वेधशाळेचे चिंतामणी रघुनाथाचारी निजामाच्या मुलखात वनपर्तीला. गुंटूरलाच फ्रान्सहून आलेला पिएर जानसेनही होता.

सगळ्यांना एकच कोडं सोडवायचं होतं. खग्रास ग्रहणात सूर्याच्या कडेला लालसर ज्वाळा दिसतात, त्या कशाच्या? प्रकाशाचे रंग वेगळे करणारा वर्णपटदर्शक तेव्हा नवाच होता. ज्वाळांच्या वर्णपटात सुट्या तेजस्वी रेषा दिसल्या, तर तो तप्त वायू. हाती वेळ जेमतेम पाच-सहा मिनिटं. जमखंडीला तर त्यातलाही बराच ढगांनी खाल्ला. हर्शेलला मधल्या फटीतून काय दिसलं तेवढंच. पण रेषा दिसल्या. ज्वाळा वायूच्याच होत्या, मुख्यतः हायड्रोजनच्या.

जानसेन मात्र एक पाऊल पुढे गेला. रेषा इतक्या लख्ख होत्या, की त्याच्या मनात आलं, या ग्रहणाशिवायही दिसायला हव्यात. दुसऱ्या दिवशी सकाळी, झगझगीत उन्हात, त्याने यंत्राची फट सूर्याच्या कडेवर धरली आणि त्या खरंच दिसल्या. पाच मिनिटांसाठी हजारो मैल धावण्याची गरज, निदान ज्वाळांपुरती, गुंटूरला संपली.

त्याचं पत्र बोटीने पॅरिसला निघालं. इकडे लॉकयरने स्वतंत्रपणे तीच युक्ती शोधली आणि २० ऑक्टोबरला इंग्लंडमधूनच ज्वाळांचा वर्णपट पाहिला. दोघांची पत्रं फ्रेंच अकादमीच्या एकाच बैठकीत वाचली गेली. श्रेय कुणाचं यावर भांडण नाही झालं. १८७२ मध्ये फ्रान्सने दोघांचेही चेहरे असलेलं पदक काढलं.

आणि हेलियम? ज्वाळांच्या वर्णपटात एक पिवळी रेषा होती. ग्रहणाच्या दिवशी ती अनेकांना दिसली. बहुतेकांनी ती सोडियमची धरली. सीमेवर रात्री हालचाल दिसणं वेगळं आणि ती कुणाची हे ओळखणं वेगळं, हे तुम्हा मंडळींना सांगायला नको. रेषा सोडियमच्या जागी बसत नाही हे लॉकयरने काटेकोर मोजून दाखवलं आणि पुढे ती अनोळखी मूलद्रव्याची मानली. सूर्याच्या ग्रीक नावावरून नाव पडलं हेलियम. पृथ्वीवर ते रॅमसेला सापडलं १८९५ मध्ये, एका युरेनियमच्या खनिजात.

मग साहेबाचे ओटे खोटे का? अजिबात नाही! लॉकयर विजयदुर्गावर आला होता, पण तीस वर्षांनी, २२ जानेवारी १८९८ च्या ग्रहणाला. ‘मेलपोमेनी’ या युद्धनौकेच्या खलाशांना त्याने यंत्रांवर नेमलं आणि ग्रहणाआधी त्यांच्याकडून रीतसर ड्रिल करून घेतली. त्याच दिवशी सोलापूरकडच्या जेऊरला पुण्याच्या सायन्स कॉलेजातले प्राध्यापक कावसजी नायगमवाला आपलं पथक घेऊन उभे होते. लोकांच्या आठवणीत दोन ग्रहणं एकमेकांत मिसळली, इतकंच.

जानसेनची एक गोष्ट सांगितल्याशिवाय राहवत नाही. डिसेंबर १८७० मध्ये पॅरिसला प्रशियन सैन्याचा वेढा पडला होता आणि अल्जीरियात ओरानला ग्रहण होतं. हा पठ्ठ्या यंत्रं घेऊन बलूनमध्ये बसला आणि वेढ्यावरून उडून गेला. ओरानला पोचला, तर आकाशात ढग! पुढच्याच वर्षी तो पुन्हा हिंदुस्थानात, निलगिरीत, नव्या ग्रहणासाठी हजर.

गुंटूरच्या वाटेवर हे सगळं सुभेदार साहेबांना सांगितलं. ते बराच वेळ गप्प होते. मग म्हणाले, “साहेब, मग गावी पोरांना काय सांगू?”

मी म्हटलं, “साहेब, जे झालं ते सांगा. गडावर दर्यावर्दी खलाशांनी ड्रिल करून सूर्य पाहिला, हे काय कमी आहे?”

ते हसले, पण त्यांना थोडं लागलं होतं, हे मला दिसलं. मलाही लागलंच होतं. पण चुकीचा रिपोर्ट वर गेला असेल, तर दुरुस्तीही त्याच सहीने जायला हवी. खडकवासल्याच्या माझ्या कोर्समेट्सनो, ही ती दुरुस्ती.

जय हिंद!