पेरुगोरिया, होर्हे
(१३ ऑगस्ट १९६५ – ). क्यूबन चित्रपट अभिनेता, दिग्दर्शक व चित्रकार. जन्म हवाना येथे. रंगभूमीवरून तो चित्रपटात आला.

तोमास गुतिएरेस आलेआ व हुआन कार्लोस ताबिओ यांच्या फ्रेसा इ चोकोलाते (१९९३) या चित्रपटातील दिएगोच्या भूमिकेने त्याचे नाव जगभर झाले. कथाकार सेनेल पास यांच्या कथेवरील या चित्रपटात १९७९ च्या हवानातील समलिंगी, कलासक्त दिएगो आणि निष्ठावान कम्युनिस्ट विद्यार्थी दाविद यांची मैत्री आहे. समलिंगी व्यक्तींची छळणूक झालेल्या देशात ही भूमिका धाडसाची होती. पेरुगोरियाने दिएगोचा नखरा खुलवला, पण त्याला हास्यास्पद होऊ दिले नाही. देशावरील त्याचे प्रेम आणि देश सोडावा लागण्याचे दुःख दोन्ही तो पोहोचवतो. हे त्याचे सर्वश्रेष्ठ काम होय. चित्रपटाला १९९४ मध्ये बर्लिन महोत्सवात रौप्य अस्वल मिळाले. ऑस्करचे नामांकन मिळवणारा हा पहिला क्यूबन चित्रपट.

पुढे स्पेनमधून मागणी आली. बिगास लुना यांचा बाम्बोला (१९९६), मानुएल गुतिएरेस आरागोन यांचा कोसास के देहे एन ला आबाना (१९९७) हे तेथील उल्लेखनीय चित्रपट. स्टीव्हन सोडरबर्ग यांच्या चे (२००८) मध्येही तो होता. परदेशी कामे करूनही त्याने हवानातील घर सोडले नाही, आणि ग्वांतानामेरा (१९९५), लिस्ता दे एस्पेरा (२०००) अशा मायदेशी चित्रपटांत तो दिसत राहिला. लेओनार्दो पादुरा यांच्या कादंबऱ्यांवरील मालिकेत (२०१६) त्याने साकारलेला थकलेला, हळवा पोलीस अधिकारी मारिओ कोंदे विशेष गाजला.