बांधकाम तंट्यांतील तज्ज्ञ साक्षीदार : मतापेक्षा मताचा आधार मोलाचा

बंगळुरू : तुमकुरू रस्त्यावरील पीण्या उड्डाणपुलाच्या पूर्वताण केबलमध्ये दोष आढळल्याने डिसेंबर २०२१ च्या अखेरीस हा पूल वाहतुकीसाठी बंद करण्यात आला. फेब्रुवारी २०२२ मध्ये हलक्या वाहनांना परवानगी मिळाली. अवजड वाहनांना मात्र जुलै २०२४ पर्यंत वाट पाहावी लागली. मधल्या काळात केबलची कामे झाली, जानेवारी २०२४ मध्ये पुलावर भारचाचणी घेण्यात आली आणि भारतीय विज्ञान संस्थेतील तज्ज्ञांचा अभिप्राय विचारात घेण्यात आला. पूल खुला करण्याचा निर्णय प्रशासनाचा होता. पण त्याचे उत्तर मोजमापातून आले.

असाच प्रश्न न्यायालयासमोर किंवा लवादासमोर येतो, तेव्हा मोजमाप करणारा तज्ज्ञ साक्षीदाराच्या भूमिकेत जातो. स्लॅबला तडे कशामुळे गेले, काम वर्षभर लांबले त्यास जबाबदार कोण, कंत्राटदाराचे नुकसान नेमके किती झाले, या प्रश्नांची उत्तरे केवळ कराराची कलमे वाचून मिळत नाहीत. मेट्रो, उड्डाणपूल आणि गृहसंकुलांच्या कामांनी व्यापलेल्या बंगळुरूत असे तंटे दिवाणी व वाणिज्यिक न्यायालये, लवाद, स्थावर संपदा प्राधिकरण आणि ग्राहक आयोग अशा निरनिराळ्या दारांशी पोहोचतात. त्यांना लागू होणारे केंद्रीय कायदे महाराष्ट्रातही तेच आहेत.

कायद्यातील स्थान

सामान्य साक्षीदाराने स्वतः पाहिले वा ऐकले तेवढेच सांगावे, मत देऊ नये, हा पुरावा कायद्याचा मूळ नियम आहे. तज्ज्ञ हा त्या नियमाचा अपवाद होय. भारतीय पुरावा अधिनियम, १८७२ च्या कलम ४५ मध्ये ही तरतूद होती. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय साक्ष्य अधिनियम, २०२३ च्या कलम ३९ मध्ये ती आली असून, विज्ञान, कला आदी विषयांबरोबर ‘अन्य कोणतेही क्षेत्र’ असा तिचा विस्तार करण्यात आला आहे.

मत ग्राह्य धरले जाते याचा अर्थ ते बंधनकारक असते असा नाही. हिमाचल प्रदेश राज्य विरुद्ध जय लाल (१९९९) आणि रमेशचंद्र अग्रवाल विरुद्ध रीजन्सी हॉस्पिटल (२००९) या निकालांत सर्वोच्च न्यायालयाने हे सूत्र स्पष्ट केले. तज्ज्ञाने त्या विषयाचा विशेष अभ्यास केलेला असावा किंवा त्याला विशेष अनुभव असावा. त्याने केवळ निष्कर्ष न सांगता, तो निष्कर्ष पारखून पाहण्याचे शास्त्रीय निकष न्यायालयापुढे ठेवावेत. अंतिम मत न्यायाधीशानेच बनवायचे असते. दुसरा निकाल वैद्यकीय निष्काळजीपणाच्या प्रकरणातला असला, तरी त्यातील कसोटी बांधकामाच्या तंट्यांनाही लागू पडते.

तज्ज्ञ कोणाचा?

तज्ज्ञ तीन मार्गांनी प्रकरणात येतो. पहिला मार्ग पक्षकाराचा. वादी किंवा प्रतिवादी आपला तज्ज्ञ नेमतो, त्याचा अहवाल व प्रतिज्ञापत्र दाखल करतो आणि विरुद्ध पक्ष त्याची उलटतपासणी घेतो.

दुसरा मार्ग न्यायालयाचा. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश २६, नियम ९ नुसार न्यायालय स्थानिक पाहणीसाठी आयुक्त नेमू शकते, तर नियम १०-अ नुसार शास्त्रीय तपासणी सोपवू शकते. आयुक्ताचा अहवाल प्रकरणातील पुराव्याचा भाग बनतो आणि न्यायालयाच्या परवानगीने पक्षकार आयुक्ताला प्रश्नही विचारू शकतात.

तिसरा मार्ग लवादाचा. लवाद व सलोखा अधिनियम, १९९६ च्या कलम २६ नुसार लवाद न्यायाधिकरण विशिष्ट मुद्द्यांवर तज्ज्ञ नेमू शकते आणि त्याला कागदपत्रे व जागा दाखविण्याचे निर्देश पक्षकारांना देऊ शकते. अहवालानंतर पक्षकाराने विनंती केल्यास हा तज्ज्ञ सुनावणीत हजर राहतो, प्रश्नांना उत्तरे देतो आणि पक्षकार त्याच मुद्द्यावर आपले तज्ज्ञही उभे करू शकतात. लवादाला पुरावा कायद्याचे नियम जसेच्या तसे बंधनकारक नसतात. विरुद्ध बाजूला उत्तर देण्याची पुरेशी संधी मात्र द्यावीच लागते.

दोष : प्रयोगशाळेचे गणित

बांधकाम तंट्यांत साधारणतः तीन प्रकारचे तज्ज्ञ लागतात. दोषाचे कारण सांगणारा अभियंता, विलंबाचे विश्लेषण करणारा नियोजनतज्ज्ञ आणि रकमेचा हिशेब मांडणारा मूल्यमापक. तिघांची कामे वेगळी असून एकाचे ज्ञान दुसऱ्याच्या कामी येईलच असे नाही.

काँक्रीटच्या ताकदीचा वाद हे पहिल्या प्रकाराचे ठळक उदाहरण. आयएस ४५६ : २००० या भारतीय मानकानुसार संशयास्पद काँक्रीटमधून गाभ्याचे, म्हणजे ‘कोअर’चे, किमान तीन नमुने काढावे लागतात. त्यांच्या सममूल्य घनताकदीची सरासरी अपेक्षित ताकदीच्या किमान ८५ टक्के असावी आणि एकही नमुना ७५ टक्क्यांखाली नसावा, अशी ही कसोटी आहे. एम-२५ दर्जाच्या काँक्रीटसाठी याचा अर्थ सरासरी २१.२५ आणि प्रत्येक नमुना किमान १८.७५ न्यूटन प्रति चौरस मिलिमीटर असा होतो.

रिबाउंड हातोड्याची चाचणी स्वस्त व झटपट होते, पण तिच्यावरून काढलेल्या ताकदीच्या अंदाजात २५ टक्क्यांपर्यंत फरक पडू शकतो, हे मानकातच नमूद होते. म्हणून केवळ हातोड्याच्या आकड्यांवर ‘काँक्रीट निकृष्ट’ असा निष्कर्ष काढणारा अहवाल उलटतपासणीत अडखळतो. नमुने कोठून काढले, जागा कोणी निवडली, त्या वेळी दोन्ही पक्ष हजर होते का, हे प्रश्न प्रयोगशाळेतील आकड्यांइतकेच महत्त्वाचे ठरतात.

कारण आणि दोष यांतील फरकही तज्ज्ञालाच उलगडावा लागतो. भिंतीवरील ओल हा परिणाम असतो. मूळ कारण वॉटरप्रूफिंगमधील उणीव, नळजोडणीतील गळती किंवा वरच्या मजल्यावरील रहिवाशाने केलेला बदल यांपैकी काहीही असू शकते आणि प्रत्येक वेळी जबाबदार व्यक्ती बदलते.

विलंब : बेरीज-वजाबाकीपलीकडे

समजा, २४ महिन्यांचे काम ३६ महिन्यांत पूर्ण झाले. मालकाने नकाशे पाच महिने उशिरा दिले, कंत्राटदाराकडे सहा महिने मजूर अपुरे होते आणि पावसाने दोन महिने काम बंद पडले. या साऱ्यांची बेरीज १३ महिने होते, प्रत्यक्ष विलंब मात्र १२ महिन्यांचा. कारण काही अडचणी एकाच वेळी चालू होत्या, तर काहींमुळे काम संपण्याची तारीख पुढे गेलीच नाही.

ज्या कामांची साखळी लांबल्याने संपूर्ण प्रकल्प लांबतो, तिला नियोजनशास्त्रात निर्णायक मार्ग म्हणतात. विलंबतज्ज्ञ तो मार्ग शोधून प्रत्येक घटनेचा त्यावरील परिणाम दाखवतो. ब्रिटनमधील सोसायटी ऑफ कन्स्ट्रक्शन लॉ या संस्थेने २००२ मध्ये प्रसिद्ध केलेल्या आणि २०१७ मध्ये सुधारलेल्या मार्गदर्शिकेचा या कामी अनेक देशांत आधार घेतला जातो. तरीही कोणत्याही पद्धतीचा पाया त्या त्या दिवशी लिहिलेल्या नोंदी हाच असतो. साइटवरील दैनंदिन नोंदवही, मोजमाप पुस्तिका, नकाशे मिळाल्याच्या तारखा, मजुरांचे हजेरीपट आणि पत्रव्यवहार उपलब्ध नसेल, तर विश्लेषण अनुमानाच्या पातळीवर उतरते.

रक्कम : सूत्र म्हणजे पुरावा नव्हे

काम लांबल्याने कार्यालयीन खर्च वाढला आणि नफा बुडाला, असा दावा कंत्राटदार नेहमी करतात. त्यासाठी हडसन, एमडेन आणि आयकले ही सूत्रे प्रचलित आहेत. मॅकडरमॉट इंटरनॅशनल विरुद्ध बर्न स्टँडर्ड (२००६) या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने त्यांची दखल घेतली होती.

सूत्राची मर्यादा मात्र नंतरच्या निकालांत अधोरेखित झाली. युनिब्रोस विरुद्ध ऑल इंडिया रेडिओ या प्रकरणात ऑक्टोबर २०२३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने, बुडालेल्या नफ्यासाठी केवळ हडसन सूत्र पुरेसे नाही, विलंबामुळे दुसरी फायदेशीर संधी हुकली हे विश्वासार्ह पुराव्याने दाखवावे लागेल, अशी भूमिका घेतली. त्याआधी महिनाभर, हिंदुस्तान पेट्रोलियम कॉर्पोरेशनबरोबरच्या बाटलीबॉय एन्व्हायर्नमेंटल इंजिनिअर्सच्या तंट्यात, नुकसानभरपाईच्या हिशेबाला आधार व कारणमीमांसा नसल्यामुळे लवादाचा निवाडा टिकला नव्हता. सूत्रात आकडे भरून देणाऱ्या तज्ज्ञापेक्षा हिशेबवह्यांमधून आकडे सिद्ध करणारा तज्ज्ञ उपयोगी ठरतो, हा या निकालांचा व्यावहारिक अर्थ.

दोन तज्ज्ञ, दोन मते

एकाच बांधकामाबद्दल नामवंत तज्ज्ञांची मते भिन्न असू शकतात. कोचीतील पलारीवट्टम उड्डाणपूल हे त्याचे अलीकडचे उदाहरण. ऑक्टोबर २०१६ मध्ये खुला झालेला हा पूल तडे आढळल्याने मे २०१९ मध्ये बंद झाला. आयआयटी मद्रासच्या अभ्यासात कार्बन फायबरच्या साहाय्याने दुरुस्तीचा मार्ग पुढे आला, तर ‘मेट्रोमॅन’ म्हणून परिचित ई. श्रीधरन यांनी वरचा भाग नव्याने बांधण्याची शिफारस केली. केरळ उच्च न्यायालयाने भारचाचणीचा आदेश दिला होता. मात्र २२ सप्टेंबर २०२० रोजी सर्वोच्च न्यायालयाने चाचणीविना पुनर्बांधणी करण्यास राज्य सरकारला मुभा दिली. मार्च २०२१ मध्ये नव्या स्वरूपातील पूल खुला झाला.

मतभेद नेमका कोठे आहे हे लवकर कळावे, यासाठी दोन्ही बाजूंच्या तज्ज्ञांना एकत्र बसवून साक्ष घेण्याची पद्धत काही देशांत रुळली आहे. ‘हॉट टबिंग’ या नावाने ओळखल्या जाणाऱ्या या पद्धतीला दिल्ली उच्च न्यायालयाच्या २०१८ च्या मूळ शाखा नियमांत स्थान मिळाले आहे. तज्ज्ञांनी आधी संयुक्त निवेदन देऊन मान्य व अमान्य मुद्दे वेगळे केले, तर सुनावणीचे दिवस वाचतात आणि न्यायाधीशासमोर खरा प्रश्न तेवढा उरतो.

निष्ठा कोणाशी?

तज्ज्ञाचे मानधन पक्षकार देतो. मग त्याच्यावर विश्वास कितपत ठेवावा, हा सनातन प्रश्न आहे. इंग्लंडमधील ‘इकेरियन रीफर’ या जहाजाच्या विम्यासंबंधीच्या १९९३ च्या निकालात त्याचे उत्तर सूत्ररूपाने आले आणि अनेक देशांत त्याचा दाखला दिला जातो. तज्ज्ञाचे मत स्वतंत्र असावे, त्याने गृहीतके उघड करावीत, आपल्या मताला छेद देणारी तथ्ये वगळू नयेत, विषय आपल्या कक्षेबाहेर असल्यास तसे सांगावे आणि मत बदलल्यास ते कळवावे. निकाल अनुकूल लागला तरच मानधन, अशी बोली असेल तर हे स्वातंत्र्य संपुष्टात येते.

याच कारणाने प्रकल्पावर स्वतः काम केलेला अभियंता वस्तुस्थितीचा उत्तम साक्षीदार ठरतो, पण स्वतंत्र तज्ज्ञ म्हणून त्याचे वजन कमी पडते. आपण संमत केलेल्या कामाचेच परीक्षण त्याला करावे लागते.

तज्ज्ञाविना सुटणारे वाद

प्रत्येक तंट्यात तज्ज्ञ लागतोच असे नाही. बंगळुरूच्या बेगूर भागातील डीएलएफ वेस्टएंड हाइट्स प्रकल्पाच्या ३३९ सदनिका खरेदीदारांच्या अपिलावर सर्वोच्च न्यायालयाने २४ ऑगस्ट २०२० रोजी निकाल दिला. ताबा देण्यास विलंब झाला हे मान्यच होते; प्रश्न होता करारातील प्रति चौरस फूट दरमहा पाच रुपयांची भरपाई न्याय्य आहे का, हा. न्यायालयाने त्याव्यतिरिक्त वार्षिक सहा टक्के व्याजाने भरपाई मंजूर केली. वाद कराराच्या अर्थाचा आणि कायद्याचा असेल, तर त्यावर तज्ज्ञाने मत देणे म्हणजे न्यायाधीशाच्या कामात शिरणे होय.

सदनिकाधारकांपुढील अडचण

गृहसंकुलातील दोषांच्या बाबतीत स्थिती उलट असते. स्थावर संपदा अधिनियम, २०१६ च्या कलम १४(३) नुसार ताबा दिल्यापासून पाच वर्षांच्या आत संरचनेतील किंवा कामाच्या दर्जातील दोष निदर्शनास आणल्यास विकासकाने तो ३० दिवसांत विनामूल्य दूर करावयाचा असतो. न केल्यास भरपाई मागता येते. हक्क स्पष्ट आहे, पण दोष सिद्ध करण्यासाठी तांत्रिक आधार लागतो आणि तो गोळा करण्याची वेळ अनेकदा हातून निसटते.

पावसाळ्यात छत गळू लागले की रहिवासी आधी दुरुस्ती उरकतात. राहत्या घरात ते स्वाभाविकही आहे. मात्र गिलावा पाडून नवा थर दिला की मूळ कामाचा पुरावाही त्याबरोबर जातो आणि नंतर आलेल्या तज्ज्ञाला छायाचित्रांवरून मत द्यावे लागते. त्यामुळे विकासकाला लेखी नोटीस देऊन त्याच्या उपस्थितीत पाहणी करणे, तारखेसह छायाचित्रे घेणे, नमुने मोहोरबंद करणे आणि त्यानंतरच दुरुस्तीला हात घालणे हा क्रम पुढे उपयोगी पडतो.

समोरचा पक्ष सहकार्य करीत नसल्यास कायद्याचा मार्ग मोकळा आहे. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ३९, नियम ७ नुसार न्यायालयाकडे आणि लवाद अधिनियमाच्या कलम ९ किंवा १७ नुसार न्यायालयाकडे वा लवादाकडे मालमत्तेचे जतन, पाहणी आणि नमुने घेण्यासाठी अंतरिम आदेश मागता येतो. दुरुस्ती तातडीची असेल, तर हा अर्जही तितक्याच तातडीने करावा लागतो; कारण एकदा बुजवलेला तडा कोणत्याही तज्ज्ञाला पुन्हा मोजता येत नाही.