काश : उसाचा उपेक्षित भाऊबंद

पावसाळा सरून नद्यांचें गढूळ पाणी निवळलें, कीं वाळवंटाच्या कडेनें पांढऱ्या शुभ्र तुऱ्यांचें एक गवत डुलूं लागतें. संस्कृत कवींनीं त्याला काश म्हटलें; उत्तर हिंदुस्थानांतला शेतकरी त्याला कांस म्हणतो. कालिदासाच्या 'ऋतुसंहारा'त शरद नववधूच्या रूपानें येते, आणि तिच्या अंगावरचें वस्त्र या काशफुलांचें असतें. बंगालमध्यें हीं फुलें दिसलीं कीं दुर्गापूजा जवळ आली असें समजतात. कवीला इतकें प्रिय असलेलें हें गवत शेतकऱ्याला मात्र वैऱ्यासारखें वाटतें, आणि तें अकारण नव्हे. आज याच गवतानें शेतकऱ्यावर केलेल्या एका मोठ्या उपकाराची हकीकत श्रोत्यांना सांगावयाची आहे.

गवत हा शब्द आपण कांहींशा तुच्छतेनेंच उच्चारतों. पण ज्वारी, मका, उन्हाळ्यांत माठांत टाकावयाचा वाळा, चहांत घालावयाची गवती चहाची पात, हीं सर्व गवताच्याच एका मोठ्या घराण्यांतलीं. ज्याच्या मेखलेवरून आपल्याकडील मुंजीला नांव मिळालें तें मुंज गवतहि काशाचें आप्त. आणि ऊस तर काशाचा सख्खा भाऊबंद. उसाच्या वंशाला वनस्पतिशास्त्रांत 'सॅकॅरम' म्हणतात, आणि काशाचें शास्त्रीय नांव 'सॅकॅरम स्पाँटेनियम', म्हणजे आपोआप उगवणारा ऊस, असें आहे. जाड, रसाळ ऊस मूळचा न्यूगिनीकडील. शास्त्रज्ञ त्याला कुलीन ऊस म्हणतात. उत्तर हिंदुस्थानांतील जुने बारीक ऊस हे या कुलीन उसाच्या आणि काशाच्या निसर्गतः झालेल्या संकरांतून निपजले, असें आतां ठरलें आहे.

भावकींत एक श्रीमंत व एक दरिद्री असावा, तसे हे दोघे. एकाच्या अंगीं साखर, पण प्रकृति नाजूक. दुसऱ्याच्या कांडांत साखर ती किती? पण पूर येवो, अवर्षण पडो, त्याचीं मुळें जमीन सोडीत नाहींत.

या नाजूकपणाची किंमत मोजण्याची वेळ एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस आली. उसाची लागवड बियांनीं होत नाहीं, कांड्यांनीं होते. त्यामुळें एका जातीचें सारें शिवार म्हणजे वस्तुतः एकाच झाडाचा विस्तार असतो, आणि त्या झाडाला न सोसणारा रोग आला कीं सारें शिवार एकदम बसतें. जावा बेटांत 'सेरेह' नांवाच्या रोगानें मळ्यांची नासाडी केली. गोदावरीच्या मुखाकडील प्रदेशांत लाल कुजीनें तोच अनर्थ केला. उसाच्या तुऱ्यांत रुजणारें बीं असतें ही गोष्टहि तोंपर्यंत फारशी कोणास ठाऊक नव्हती. १८८८ च्या सुमारास जावा व बार्बाडोस या परस्परांपासून अतिदूर अशा दोन बेटांत ती सिद्ध झाली, आणि उसाचा बुद्धिपुरस्सर संकर करण्याचा मार्ग मोकळा झाला.

उत्तरेकडे उसाला बीं सहसा धरत नाहीं. कोइमतूरच्या हवेंत तें धरतें. म्हणून १९१२ सालीं तेथें ऊसपैदास केंद्र स्थापन झालें. डॉ. सी. ए. बार्बर त्याचे पहिले प्रमुख, टी. एस. वेंकटरामन त्यांचे सहकारी व पुढें उत्तराधिकारी. या दोघांनीं 'वेल्लै' नांवाच्या कुलीन उसाच्या फुलांवर कोइमतूरकडील रानटी काशाचा पराग घातला. साखर वाढवावयाची असतां साखर नसलेल्या गवताशीं सोयरीक करणें हें वरवर पाहतां उरफाटेंच. पण निसर्गानें येथें एक चमत्कार केला. त्या उसाच्या पेशींत ८० रंगसूत्रें, काशाच्या पेशींत ६४. नेहमींच्या नियमानें अपत्याला उभयतांकडून निम्मीं निम्मीं, म्हणजे ७२, मिळावयाचीं. पण येथें आईनें आपलीं सगळींच ८० दिलीं, आणि बापाचीं ३२ मिळून तीं ११२ झालीं. त्यामुळें साखरेचा वारसा पुष्कळसा टिकला आणि काटकपणा वर मिळाला. हाच 'को २०५' हा ऊस. १९१८ सालीं तो पंजाबांत लागवडीस आला आणि तेथील जुन्या उसाला त्यानें मागें टाकलें.

जावांतहि हीच कथा घडली. तेथील डोंगरउतारावर सांपडलेल्या एका नैसर्गिक संकराच्या वंशांतून येस्विट या शास्त्रज्ञानें १९२१ सालीं 'पीओजे २८७८' हा ऊस निर्माण केला, आणि थोड्याच वर्षांत जावांतील बहुतेक मळे त्यानें व्यापले. पुढें हा जावाचा ऊस आणि कोइमतूरचा 'को २९०' यांच्या संकरांतून 'को ४१९' झाला. आपल्या दख्खनच्या कालव्यांवरील जुना 'पुंड्या' ऊस ज्यानें हटविला तो हाच. दोन्ही घराण्यांकडून त्याच्यांत काशाचें रक्त आलें होतें. फुटवे भरपूर येणें, खोडवा चांगला धरणें, हे गुण त्या रक्ताचे.

याच कोइमतूरला १९३४ ते १९३९ या काळांत डॉ. जानकी अम्माळ यांनीं काशाच्या रंगसूत्रांचा अभ्यास केला, आणि उसाचा मक्याशींहि संकर करून दाखविला. काशाच्या निरनिराळ्या प्रकारांत रंगसूत्रें ४० पासून १२८ पर्यंत आढळतात. म्हणजे एका नदीकांठचा काश दुसऱ्यासारखा असेलच असें नाहीं.

आतां शेतकऱ्याची बाजू. कांसाचीं भूमिगत खोडें खोल पसरतात. साध्या नांगरानें तीं निघत नाहींत. बुंदेलखंडांत त्यापायीं शेतेंच्या शेतें पडीक पडलीं. १९४९ सालीं जागतिक बँकेनें हिंदुस्थानाला शेतकी यंत्रांसाठीं एक कोटी डॉलरचें कर्ज दिलें, तें मुख्यतः मध्य हिंदुस्थानांतील कांसानें व्यापलेल्या जमिनी ट्रॅक्टरनें मोकळ्या करण्यासाठीं. पनामा कालव्याच्या परिसरांतहि हें गवत आगंतुक तण होऊन बसलें आहे. ज्याच्या शेतांत तें शिरलें त्यानें तें उपटावें हें न्याय्यच आहे. परंतु शेतांतून उपटणें निराळें आणि पृथ्वीवरून नाहींसें करणें निराळें. उद्यां येणाऱ्या रोगावरचा उतारा कोणत्या नदीच्या कांठीं उभा आहे हें आज कोणासच सांगतां येणार नाहीं. म्हणूनच केरळांत कण्णूर येथें आणि अमेरिकेंत मायामी येथें उसाच्या व त्याच्या रानवट आप्तांच्या जाती जिवंत जतन करून ठेवल्या आहेत.

२०१८ सालीं काशाच्या व २०२४ सालीं लागवडीच्या एका उसाच्या आनुवंशिक द्रव्याचें वाचन प्रसिद्ध झालें. आजच्या उसांत दहा ते वीस टक्के अंश काशाचा असतो, असें या अभ्यासांवरून दिसतें. संक्रांतीस तिळगुळाची वडी हातावर ठेवतांना गोडी कुलीन उसाची खरी; पण तो ऊस शेतांत उभा राहिला, तो नदीकांठच्या या दरिद्री भाऊबंदाच्या आधारावर, एवढें स्मरण श्रोत्यांनीं ठेवावें.