तारापूरचा परीस

परिसाची गोष्ट ठाऊक नाहीं असें मराठी घर विरळाच. लोखंडाला नुसता स्पर्श झाला कीं त्याचें सोनें व्हावें, ही कल्पना कीर्तनांतून आणि आजीबाईंच्या कहाण्यांतून पिढ्यान्‌पिढ्या चालत आली. परिसा भागवतापाशीं असा परीस होता व नामदेवांनीं तो चंद्रभागेंत टाकून दिला, अशी कथा महिपतीनें वर्णिली आहे. कथेंतला परीस पुढें कोणाच्या हातीं लागला नाहीं. परंतु एका धातूचा दुसरा धातु होणें, इतकेंच नव्हे तर त्या नव्या धातूनें बहुरूप्याप्रमाणें पुनःपुन्हां रूप पालटणें, हें मात्र खरें ठरलें. आणि त्या नवलाचें एक ठिकाण पालघर जिल्ह्यांत, बोईसर स्टेशनापासून थोड्याच कोसांवर आहे.

प्राचीन रसवैद्यांनीं या कामीं पाऱ्यावर भिस्त ठेविली. पाऱ्यावर अठरा संस्कार करावेत, म्हणजे तो हीन धातूंचा वेध करून त्यांचें सुवर्ण करितो, असें त्यांचें शास्त्र सांगे. या खटाटोपाचा साधार इतिहास आचार्य प्रफुल्लचंद्र राय यांनीं दोन भागांत लिहून १९०२ व १९०९ सालीं प्रसिद्ध केला. यूरोपांतहि हाच छंद होता. न्यूटनसारख्या बुद्धिमंतानें त्यापायीं कित्येक वर्षें भट्टीपुढें काढिलीं. सोनें कोणालाच साधलें नाहीं. पण भस्में, अम्लें आणि नाना तऱ्हेचीं पातनयंत्रें मागें राहिलीं व पुढच्या रसायनशास्त्राला त्यांचा आधार झाला. अपयशाचें कारण सरळ होतें. धातूचें धातुपण त्याच्या अणूच्या गाभ्यांत असतें. भट्टीची आंच सभामंडपांत खेळते. गाभाऱ्यांत तिचा प्रवेश होत नाहीं.

गाभाऱ्याचें दार उघडलें तें युरेनियम या जड धातूमुळें. १७८९ सालीं बर्लिनच्या क्लाप्रोथनें त्याचें अस्तित्व ओळखिलें. १८९६ सालीं पॅरिसमध्यें बेकरेलला त्यांतून आपोआप बाहेर पडणारे किरण आढळले; आणि विसाव्या शतकाच्या आरंभीं रदरफोर्ड व सॉडी यांनीं दाखवून दिलें कीं, असे किरण सोडतांना एक मूलद्रव्य आपलें रूप टाकून दुसरेंच मूलद्रव्य बनतें. म्हणजे वेध निसर्गांत अखंड चालूच होता. १९३८ च्या अखेरीस हान व स्ट्रासमन यांच्या प्रयोगांत युरेनियमचा अणु दुभंगला. लीझ माइटनर व फ्रिश यांनीं त्याचा अर्थ लाविला. पुढें १९४०-४१ च्या हिवाळ्यांत अमेरिकेंतील बर्कले येथें सीबोर्ग व त्याचे सहकारी यांनीं युरेनियमपासून एक नवा धातु घडविला. त्याचें नांव प्लुटोनियम.

हा धातु खरा बहुरूपी. तो तापवीत नेला तर सुमारें ६४० अंश सेंटिग्रेडला वितळण्यापूर्वीं सहा निरनिराळीं रूपें घेतो. थंड असतां तो ठिसूळ. तापल्यावर एका रूपांत तो ॲल्युमिनियमसारखा मऊ होतो, आणि त्या रूपांत आणखी तापविला असतां फुगण्याऐवजीं आकसतो! गॅलियम नांवाचा दुसरा धातु किंचित् मिसळावा, तेव्हां कोठें तो स्थिर राहतो. ९ ऑगस्ट १९४५ रोजीं नागासाकीवर पडलेल्या बाँबच्या पोटांत हाच धातु होता. परिसाच्या कोणत्याहि कथेंत असा स्पर्श नाहीं.

तारापूरचें नांव इतिहासांत पूर्वीं गाजलें तें किल्ल्यामुळें. १७३९ च्या आरंभीं चिमाजी आप्पांच्या सैन्यानें तो पोर्तुगिजांकडून घेतला. त्यानंतर सुमारें सवादोनशें वर्षांनीं त्याच किनाऱ्यावर भारतांतील पहिलें अणुवीजकेंद्र उभें राहिलें. १९६३ सालीं अमेरिकेशीं करार झाला आणि ऑक्टोबर १९६९ मध्यें दोन भट्ट्यांचें केंद्र रीतसर सुरू झालें. १९७४ च्या पोखरण चांचणीनंतर अमेरिकेनें इंधनाच्या बाबतींत हात आंखडता घेतला व पुढें तें फ्रान्सकडून आणावें लागलें. ५४० मेगावॅटच्या आणखी दोन भट्ट्या २००५ व २००६ सालीं चालूं झाल्या.

भट्टींत युरेनियमच्या लहान वड्या नळ्यांत भरलेल्या असतात. त्यांतील कांहीं अणु फुटून उष्णता देतात. तिनें पाण्याची वाफ होते व वाफेवर चक्रें फिरतात. दुसरे कांहीं अणु फुटत नाहींत. ते एकेक न्यूट्रॉन गिळतात आणि थोड्याच दिवसांत, प्रथम नेपच्युनियम होऊन, मग प्लुटोनियम होऊन बसतात. रसवैद्यांचा वेध येथें गाजावाजा न होतां घडतो. वापरलेल्या इंधनांतून तें प्लुटोनियम वेगळें काढणारा कारखानाहि १९७० च्या दशकांत तारापुरास निघाला.

सोन्याचें काय झालें, तेंहि सांगितलें पाहिजे. १९८० सालीं बर्कले येथेंच सीबोर्ग व त्याच्या सहकाऱ्यांनीं बिस्मथपासून खरोखर सोनें केलें. पण तें अवघे कांहीं हजार अणु, आणि खर्च सोन्याच्या किंमतीहून अतोनात अधिक.

खरा हिशेब निराळाच आहे. भट्टींत निपजणारें मुख्य प्लुटोनियम निम्मे होण्यास सुमारें २४,००० वर्षें लागतात. याच जिल्ह्यांतील सोपाऱ्यास अशोकाचा लेख कोरला गेला, त्यास सुमारें सव्वादोन हजार वर्षेंच झालीं. इंधनाचा उरलेला जहाल अंश काचेंत मुरवून, पोलादी डब्यांत बंद करून, पहाऱ्यांत ठेवावा लागतो. तिसऱ्या-चौथ्या भट्टीसाठीं अक्करपट्टी व पोफरण या गांवांना आपली भूमि सोडावी लागली, आणि पुनर्वसनाचे तंटे न्यायालयापर्यंत गेले. शहरांतील दिवाणखान्यांत दिवा लागतो, तेव्हां त्या प्रकाशांत या दोन गांवांचाहि वांटा असतो.

नामदेवांनीं आपला परीस नदींत टाकला व ते मोकळे झाले. तारापूरचा परीस नदींत टाकतां येत नाहीं, समुद्रांत टाकतां येत नाहीं, आणि विसरतांहि येत नाहीं. ज्या पिढीनें तो हातीं घेतला, तिनें पुढच्या शेंकडों पिढ्यांना त्याचे राखणदार नेमून ठेविलें आहे. त्यांना काय राखावयाचें व कां राखावयाचें, हें स्वच्छ सांगून ठेवणें, एवढें तरी तिच्याकडे लागतें.