विनोबांचा हिशोब

साधी राहणी म्हटलं की आपल्यासारख्यांच्या डोळ्यासमोर काय येतं? कपाट रिकामं करायचं, एखादा वीकेंड फोन बंद ठेवायचा, फार तर कुठल्या तरी फार्महाऊसवर जाऊन चुलीवरची भाकरी खायची. मीही हे सगळं केलंय. म्हणूनच विनोबांबद्दल वाचताना एका ठिकाणी अडखळलो.

आधी थोडा इतिहास. विनायक नरहरी भावे, जन्म ११ सप्टेंबर १८९५, तेव्हाच्या कुलाबा म्हणजे आताच्या रायगड जिल्ह्यातलं गागोदे. शिक्षण बडोद्याला, गणितात हुशार. एके दिवशी या पोराने आईसमोर चुलीत स्वतःची सर्टिफिकेटं जाळून टाकली. (कल्पना करा, आपल्या घरी काय झालं असतं!) मार्च १९१६ मध्ये इंटरच्या परीक्षेसाठी मुंबईला निघाले आणि मध्येच सुरतला उतरून काशीला गेले. तिथे गांधीजींचं भाषण वर्तमानपत्रात वाचलं, पत्रं लिहिली आणि ७ जून १९१६ ला अहमदाबादच्या कोचरब आश्रमात त्यांना भेटले. १९२१ पासून मुक्काम वर्ध्याला.

आता ते अडखळायचं ठिकाण. साधारण १९३५ च्या सुमाराला, वर्ध्याजवळच्या नालवाडीत विनोबांनी एक प्रयोग केला. रोज तासन् तास सूत कातायचं आणि कातणाऱ्या बाईला जी मजुरी मिळते तेवढ्यातच आपलं भागवायचं.

गंमत बघा, इथे प्रश्न 'मी किती कमीत राहू शकतो' हा नव्हताच. प्रश्न होता, आपण लोकांना जे देतो त्यात माणूस जगतो का? उत्तर सरळ होतं, नाही जगत. म्हणजे चूक कातणाऱ्यात नव्हती, दरात होती. त्याच १९३५ साली गांधीजींनीही चरखा संघात आग्रह धरला की आठ तासांच्या कामाला पोटापुरती मजुरी मिळालीच पाहिजे. खादी महागेल, खपणार नाही, अशी भीती अनेकांना वाटत होती. (ओळखीचं वाटतंय ना?)

अर्थात, शरीराने या सगळ्याची किंमत वसूल केली. १९३८ मध्ये प्रकृती इतकी खालावली की विनोबांना हवापालटासाठी पवनारला जावं लागलं, आणि तेही जमनालाल बजाजांच्या बंगल्यात!

त्यांच्या लिखाणातही मला हीच पद्धत दिसते. आईला संस्कृत गीता कळत नव्हती, तूच मराठीत कर ना, असं ती म्हणाली होती. १९१८ मध्ये ती गेली. १९३०-३१ मध्ये विनोबांनी 'गीताई' लिहिली, शब्द असे निवडून की आईला अडू नयेत. 'गीता प्रवचने' म्हणजे १९३२ मध्ये धुळ्याच्या तुरुंगात दर रविवारी दिलेली अठरा प्रवचनं. समोर कैदी आणि लिहून घ्यायला साने गुरुजी! सगळ्यात शेवटी बसलेल्यापर्यंत पोचतंय का, हाच निकष.

सगळे हिशोब जुळले असंही नाही. १८ एप्रिल १९५१ ला तेलंगणात पोचमपल्लीला शंभर एकरांपासून भूदान सुरू झालं. मग तेरा वर्षं पायपीट आणि चाळीस लाख एकरांहून जास्त जमिनीचे दानपत्र. पण त्यातली बरीच जमीन निकृष्ट किंवा वादातली निघाली, बरीच कधी वाटलीच गेली नाही. आणीबाणीच्या वेळी घेतलेल्या भूमिकेवरही टीका झाली, ती योग्यच होती असं मला वाटतं. १५ नोव्हेंबर १९८२ ला, अन्न आणि औषध सोडून, पवनारला ते गेले.

तरी तो नालवाडीचा प्रयोग काही डोक्यातून जाईना. गेल्या रविवारी एक्सेल उघडलं. आमच्याकडे कामाला येणाऱ्या मावशींना पाच घरांतून महिन्याला किती मिळत असेल ते वर लिहिलं आणि खाली त्यांचे खर्च टाकायला लागलो. भाडं, किराणा, मुलीची फी. चौथ्या ओळीलाच आकडा उणे झाला.

फाईल अजून सेव्ह केलेली नाही. आधी बायकोशी बोलून आमच्या घरापुरता तरी दर बदलायचाय. उरलेल्या चार घरांचं काय, ते सोसायटीच्या मीटिंगमध्ये काढीन म्हणतो. शिव्या बसतील बहुतेक.

असो.